मदत हवी आहे : हाताला सोसेल आणि पाण्यालाही त्रास देणार नाही, असं बिनअल्कोहोलचं सॅनिटायझर

आई अंथरुणाला खिळलेली आहे. तिचं सगळं मीच करते, त्यामुळे दिवसातून २५-३० वेळा तरी हात स्वच्छ करावे लागतात. दोन महिन्यांत हातांची पार दशा झाली आहे. बोटांच्या पेरांवर चिरा पडल्यात, मूठ वळली की अंगठ्याजवळून रक्त येतं. अल्कोहोलवालं सॅनिटायझर असं झोंबतं की हात आपोआप मागे येतो. त्यामुळे कधीतरी लावायचं राहून जाईल, याची मला जास्त भीती वाटते.

म्हणून बिनअल्कोहोलचं शोधायला लागले. बाटलीवर पुढे हिरवी पानं आणि ‘सौम्य’ असा शब्द, मागे बारीक अक्षरात बेन्झाल्कोनियम क्लोराइड, ०.१३ टक्के. झोंबत नाही हे खरं, पण हे रसायन पाण्यातल्या जिवांना विषारी आहे. मग पर्यावरणस्नेही कसं म्हणायचं?

दुसरं सापडलं हायपोक्लोरस अ‍ॅसिड. जंतू मारायला आपल्या शरीरातल्या पांढऱ्या पेशीही हेच तयार करतात. पण उजेडाने आणि उष्णतेने त्याचा जोर ओसरतो म्हणे. कोणी रोज वापरलंय का? आजारी माणसाच्या खोलीत त्यावर भरवसा ठेवावा का?

प्रतिसाद

ताई, मी परिचारिका आहे. आधी एक सांगा, साबणाने हात धुऊन त्यावर लगेच सॅनिटायझरही लावता का? कातडीचं तेल बहुतेक वेळा साबण आणि गरम पाणी काढून नेतं. अल्कोहोल फक्त चिरलेल्या जागी झोंबतं, म्हणून दोष त्याच्यावर जातो.

हात मळलेले दिसले, किंवा उलट्या-जुलाबाचं काही साफ केलं, तर कोमट पाणी आणि साबणच. एरवी निदान ६० टक्के अल्कोहोल आणि ग्लिसरीन असलेलं घ्या. जागतिक आरोग्य संघटनेच्या सूत्रातही ८० टक्के इथेनॉलसोबत १.४५ टक्के ग्लिसरीन आहे, ते कातडीसाठीच. अल्कोहोल उडून जातं, पाण्यात गेलं तरी लवकर विघटित होतं. हायपोक्लोरस सौम्य आहे, पण हातावर मळ असेल तर त्यातच खर्ची पडतं. आजाऱ्याच्या खोलीत मी एकट्या त्यावर विसंबणार नाही.

रक्त येतंय म्हणजे त्वचेच्या डॉक्टरांना दाखवाच. तोवर रात्री जाडसर मलम लावून सुती हातमोजे घाला.

धागाकर्तीचं उत्तर

अगदी हेच करते मी! बेसिनवर साबणाने धुते आणि आईच्या खोलीत शिरताना दारातल्या बाटलीतून पुन्हा घेते. दिवसभर दुहेरी. आजपासून एका वेळी एकच.

फक्त मलमाचं कळत नाही. रात्री दोनदा उठून आईची कूस बदलावी लागते आणि तेलकट हातांनी तिला धरायची भीती वाटते. घरी असं रुग्ण सांभाळणारे तुम्ही सगळे मलम नेमकं कधी लावता?