पन्नाशीला आले आणि पहिलीच भूमिका आजीची. ब्रिटिश अभिनेत्री लिझ स्मिथचं काम कोणी पाहिलंय?

महालची_सून: मी ४९ वर्षांची, नागपूरची. राज्य नाट्य स्पर्धेसाठी पहिल्यांदाच रंगमंचावर उभी राहते आहे. आजीची भूमिका, अकरा वाक्यं. दिग्दर्शक म्हणतात, आवाज कापरा करा, कमरेत वाका. परवा मुलीसोबत 'चार्ली अँड द चॉकलेट फॅक्टरी' पाहिला. एका पलंगावर चार म्हातारी माणसं, पण माझी नजर जॉर्जिना आजीवरून हलेना. तेव्हा लिझ स्मिथ हे नाव कळलं. त्यांचं टीव्हीवरचं काय पाहू?

वर्धा_रोड: 'द व्हिकार ऑफ डिब्ली'. गावातली केक करणारी बाई, भलत्याच चवींचे केक. प्रसंग छोटे, पण ती आली की आम्ही सावरून बसायचो.

काकू_लक्ष्मीनगर: ताई, धनवटे रंग मंदिरापासून सायंटिफिक सभागृहापर्यंत मी वीस वर्षं आज्याच केल्या. सुरुवातीला मीही आवाज कापवायची. तो 'द रॉइल फॅमिली' या विनोदी मालिकेत लिझ स्मिथनं केलेली नाना, म्हणजे आजी, पाहून सोडला.

आधी ही बाई समजून घ्या. जन्म १९२१ चा. आई लहानपणीच गेली, वडील सोडून गेले, आजीनं वाढवलं. युद्धात नौदलाच्या महिला दलात होती. पुढे घटस्फोट, पदरात दोन मुलं. नाटकाची हौस सुटली नाही, पण पोटासाठी मिळेल ते काम केलं. हॅम्लीज या लंडनच्या दुकानात खेळणी विकत होती तेव्हा दिग्दर्शक माइक ली यांचं बोलावणं आलं, वय पन्नाशीला टेकलेलं. १९७१ मध्ये त्यांचा 'ब्लीक मोमेंट्स' चित्रपट. १९७३ मध्ये बीबीसीच्या 'हार्ड लेबर'मध्ये तर मुख्य भूमिका, लोकांकडे धुणीभांडी-साफसफाई करणारी बाई. हे आधी पाहा. जवळजवळ बोलतच नाही ती! आपल्याकडे कामाला येणाऱ्या बाईकडे मी त्यानंतर वेगळ्या नजरेनं पाहू लागले.

'अ प्रायव्हेट फंक्शन' चित्रपटात ती मॅगी स्मिथच्या पात्राची आई होती. सहायक अभिनेत्रीचा बाफ्टा हा ब्रिटिश पुरस्कार मिळाला त्यासाठी.

नाना १९९८ मध्ये आली. म्हणजे बाई शहात्तर वर्षांची! एक बैठकीची खोली, सोफा, टीव्ही, मागे प्रेक्षकांचं हसणं नाही. दुसरं कोणी बोलत असताना तिचा चेहरा पाहा, ती खरंच ऐकून राहिली असते. अकरा वाक्यं तुमची, बाकी सगळा वेळ ऐकायचाच आहे न? तेच बसवा. कमरेचं राहू द्या. आणि हाताला काहीतरी खरं काम द्या.

महालची_सून: काकू, काल 'हार्ड लेबर' पाहिला, रात्री झोप आली नाही. आज तालमीला पाव किलो तुरीच्या शेंगा नेल्या आणि दुसरा प्रवेश सोले काढत केला. नातवाचं काम करणारा मुलगा मध्येच ताटातले चार सोले उचलून खाऊ लागला. मी त्याच्या हातावर चापट मारली, वाक्यात नव्हती. दिग्दर्शक म्हणाले, ठेवा. कापऱ्या आवाजाचं आज कोणी काढलंच नाही.

काकू_लक्ष्मीनगर: प्रयोगाची तारीख टाका. मी येते.