क्रॅक केलेलं मॉनिटरिंग सॉफ्टवेअर आतल्या नेटवर्कवर चालवलं, तर नक्की बिघडतं काय?

केबलकर
नेटवर्कवर नजर ठेवणारा मॉनिटरिंग सर्व्हर वेगळ्या व्हीलॅनवर (नेटवर्कच्या वेगळ्या कप्प्यात), इंटरनेट बंद, लॉगिन दोनच अॅडमिनकडे. अशा ठिकाणी क्रॅक (लायसन्सचं कुलूप तोडलेली) आवृत्ती चालवली तर एवढा बाऊ कशाला? पैसे मोजणारे तरी कुठे वाचले? २०२० मध्ये सोलरविंड्स कंपनीच्या ओरायन या मॉनिटरिंग सॉफ्टवेअरचं अधिकृत, सही असलेलं अपडेटच विषारी निघालं. सुमारे १८,००० ग्राहकांपर्यंत ते पोचलं होतं.

पोर्ट १६१
ओरायनचं उदाहरण तुमच्यावरच उलटतं. हल्लेखोरांनी मॉनिटरिंगच का निवडलं? त्या एका मशीनवर प्रत्येक नेटवर्क स्विचची एसएनएमपी कम्युनिटी (माहिती वाचण्यासाठीचा पासवर्डवजा शब्द) असते, कॉन्फिग बॅकअपसाठी एसएसएच पासवर्ड असतात, डब्ल्यूएमआयसाठी, म्हणजे विंडोज मशीनची माहिती दुरून वाचण्यासाठी, विंडोजचं खातं असतं (कंटाळा केला असेल तर थेट डोमेन अॅडमिनचं, म्हणजे सगळ्या विंडोज मशीनवर हुकूम चालणारं). दर पाच मिनिटांनी हे पासवर्ड वापरायचे, म्हणून ते परत उलगडता येतील असेच साठवावे लागतात. नुसता हॅश (परत न उलगडणारा ठसा) ठेवून भागत नाही. शिवाय हा सर्व्हर सगळीकडे पोचावा म्हणून फायरवॉलमध्ये त्याला मोकळीक दिलेली असते. तो दिवसभर पोर्ट चाचपत बसला तरी कुणाला संशय येत नाही.

आता क्रॅकसोबतच्या सूचना वाचा: अँटिव्हायरस बंद करा, फोल्डर अपवादात टाका, अॅडमिन म्हणून चालवा, होस्ट्स फाइलमध्ये लायसन्स सर्व्हर १२७.०.०.१ कडे, म्हणजे स्वतःच्याच मशीनकडे, वळवा. घुसखोराला आणखी काय हवं?

केबलकर
पण इंटरनेटच नाही तर डेटा जाणार कुठून?

रात्रपाळी
‘इंटरनेट बंद’ म्हणजे बहुतेक वेळा फक्त ८० आणि ४४३ हे वेबचे पोर्ट बंद. अलर्टचे मेल बाहेर जातातच, आणि आतला डीएनएस सर्व्हर (नावावरून पत्ता शोधणारा) प्रत्येक प्रश्न इमानेइतबारे बाहेर विचारून येतो. ओरायनच्या अपडेटमधल्या सनबर्स्ट या घातक कोडनेही पहिला संपर्क डीएनएसवरूनच साधला, तोही दोन आठवड्यांपर्यंत गप्प बसून. त्यामुळे ‘दोन दिवस सँडबॉक्समध्ये (वेगळ्या बंदिस्त चाचणी मशीनवर) चालवलं, काही दिसलं नाही’ याला अर्थ नाही.

तपासायचंच तर एक्झी आणि डीएलएल फाइलच्या प्रॉपर्टीजमध्ये डिजिटल सिग्नेचर बघा. फाइल पॅच केलेली असेल तर सही अवैध दिसते किंवा तो टॅबच गायब असतो. सही शाबूत दिसली म्हणून मात्र हुरळू नका, काही लोडर (सॉफ्टवेअर सुरू करून देणारे क्रॅकचे छोटे प्रोग्रॅम) फाइलला हात न लावता मेमरीतच बदल करतात.

आणि अपडेट? पीआरटीजी या मॉनिटरिंग सॉफ्टवेअरच्या १८.२.३९ आधीच्या आवृत्त्यांत वेब कन्सोलचा अॅडमिन सर्व्हरवर हवी ती कमांड चालवू शकत होता. नवं अपडेट टाकलं की क्रॅक मोडतो, म्हणून अशी भोकं वर्षानुवर्षं उघडी राहतात.

कलमबहाद्दर
कायद्याचं कुणी बोललंच नाही. ट्रिप्स या बौद्धिक संपदेच्या आंतरराष्ट्रीय करारात संगणक प्रोग्रॅमला साहित्यकृतीसारखं संरक्षण आहे (कलम १०), आणि व्यावसायिक प्रमाणावरच्या हेतुपुरस्सर पायरसीवर फौजदारी कारवाईची तरतूद सदस्य देशांना करावी लागते (कलम ६१). लायसन्सचं कुलूप तोडणं हा वेगळा मुद्दा, तो डब्ल्यूआयपीओच्या (जागतिक बौद्धिक संपदा संघटनेच्या) १९९६ च्या कॉपीराइट करारात येतो. शिक्षा देशागणिक बदलते. खरी अडचण घटना घडल्यावर येते. फॉरेन्सिक अहवालात क्रॅकची नोंद आली की विमा कंपनी आणि ग्राहक दोघेही आधी तिथेच बोट ठेवणार.

केबलकर
ठीक. पण फुकटातलं पुरत नाही, हे तरी मान्य करा. पीआरटीजी १०० सेन्सरपर्यंत (एक सेन्सर म्हणजे एक मोजमाप) मोफत, एका पोर्टला एक सेन्सर, म्हणजे २४ पोर्टचे चार स्विच जोडले की खेळ खलास. झॅबिक्स हे मोफत मॉनिटरिंग सॉफ्टवेअर शिकायला जाणारा वेळ हाही खर्चच.

पोर्ट १६१
वेळ जातो, हे खरं. पण सगळे पोर्ट मोजायला सांगितलंय कुणी? अपलिंक (स्विचला बाकीच्या नेटवर्कशी जोडणारे) आणि सर्व्हरचे पोर्ट धरा, १०० सेन्सर बरेच पुरतात. त्यापुढे झॅबिक्स. ३०० स्विच, प्रत्येकी २४ पोर्ट, पोर्टमागे ४ काउंटर म्हणजे २८,८०० आयटम (मोजमापं). दर ५ मिनिटांनी घेतले तर सेकंदाला ९६ नोंदी. नोंदीमागे ९० बाइट धरले तर दिवसाला साधारण ७५० एमबी. एवढं साधा सर्व्हरही पेलतो.

रात्रपाळी
क्रॅक आधीच बसवला असेल तर नुसतं अनइन्स्टॉल करून भागणार नाही. आधी मशीन नेटवर्कवरून तोडा. नवं मशीन कोरं उभारा, जुन्यातून फक्त उपकरणांची यादी सीएसव्हीत घ्या, बॅकअप रिस्टोअर करू नका. मग दुसऱ्या स्वच्छ मशीनवरून कम्युनिटी आणि सगळे पासवर्ड बदला, जमेल तिथे एसएनएमपी व्ही३ ही जास्त सुरक्षित आवृत्ती घ्या. डोमेन अॅडमिन वापरला असेल तर केआरबीटीजीटी खात्याचा (डोमेनची लॉगिन तिकिटं याच्या किल्लीवर चालतात) पासवर्ड दोनदा बदला, मध्ये किमान १० तास जाऊ द्या. आधी पासवर्ड बदलून मग मशीन तोडलंत, तर नवे पासवर्डही घुसखोराच्याच हाती लागतात.

केबलकर
प्रॉडक्शनपुरतं पटलं. लॅबचं मत मात्र बदललेलं नाही.

पोर्ट १६१
लॅबला ३० दिवसांची ट्रायल असते की! आणि लॅबचे पासवर्ड प्रॉडक्शनपेक्षा वेगळे ठेवलेत का, तेवढं सांगा.