ओ-ओ आईवडिलांचं ए ग्रुपचं मूल
बरेच जण म्हणतात की आईवडील दोघंही ओ असतील तर मूल ए असूच शकत नाही. बहुतेक वेळा बरोबरच आहे, पण लगेच कुणाच्या चारित्र्यावर जाऊ नका राव! १९५२ मध्ये डॉ. भेंडे यांनी मुंबईत शोधलेला बॉम्बे ब्लड ग्रुप यात गोंधळ घालतो. ए आणि बी अँटिजेन (रक्तपेशींवरच्या ज्या खुणांवरून ग्रुप ठरतो त्या) ज्याच्यावर तयार होतात तो एच अँटिजेनच या लोकांत नसतो, त्यामुळे ए चा जीन असूनही साध्या टेस्टमध्ये ते ओ दिसतात, आणि जोडीदार खरा ओ असेल तर त्याच्याकडून मुलाला चालू एच जीन मिळतो न् दडलेला ए एकदम बाहेर येतो. म्हणजे वंशावळीत ए एक पिढी गायब होऊन परत दिसतो. अशा माणसाच्या सख्ख्या भावंडांचीही तपासणी करावी, कारण आईवडील दोघं नुसते वाहक (एच चा एक जीन चालू, एक बंद) असले तरी प्रत्येक भावंडाला हाच ग्रुप असण्याची २५ टक्के शक्यता असते, आणि बॉम्बे ग्रुपवाल्यांना साधं ओ रक्त चालत नाही.