मदत हवी आहे: वाटणीपत्राची फक्त झेरॉक्स आहे, कोर्टात चालते का? अर्जंट

साखरपेठकर
नमस्कार. सोलापूरच्या दिवाणी कोर्टात आमची केस चालू आहे, माझ्याकडे वाटणीपत्राची झेरॉक्स आहे, मागच्या तारखेला समोरचा वकील उठला आणि म्हणाला झेरॉक्स चालत नाही, जजसाहेबांनी निशाणी क्रमांक (पुराव्यात घेतल्याचा नंबर) दिलाच नाही, नुसतं आर्टिकल म्हणून, म्हणजे अजून सिद्ध न झालेला कागद म्हणून ठेवून घेतलं. आमचे वकील म्हणतात बघू. बघू म्हणजे काय बघू? चालते का नाही एवढंच सांगा. भाषण नको.

पार्कचौक
नोटरीकडून ट्रू कॉपीचा शिक्का मारून घ्या, कोर्टाबाहेरच बसलेले असतात. विषय संपला. माझं बँकेत चाललं.

काळाकोट
बँक वेगळी, कोर्ट वेगळं. शिक्का मारला तरी ती झेरॉक्सच राहते, शिक्क्यानं मूळ कागद होत नाही. साखरपेठकर, मूळ कुठाय? हरवलं, जळलं, कुणाकडे आहे? आणि दावा कुठल्या सालचा?

साखरपेठकर
मूळ असतं तर इथं विचारलं असतं का ओ? हो का नाही सांगा.

काळाकोट
हो किंवा नाहीमध्ये उत्तर नाही म्हणून विचारतोय. मूळच आणायचं हा नियम, झेरॉक्स हा अपवाद. अपवाद लागू करायचा तर मूळ का आणता येत नाही ते आधी दाखवावं लागतं. हरवलं असेल तर वेगळं दाखवायचं, समोरच्याकडे असेल तर वेगळं.

होटगीरोड_७
जुना कायदा गेला की आता. १ जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष्य अधिनियम आहे, सगळी कलमं बदलली, जुनं कलम ६५ वगैरे विसरा.

काळाकोट
म्हणून तर साल विचारलं. नव्या कायद्याचं कलम १७० बघा, त्या दिवशी जे दावे चालू होते ते १८७२ च्या जुन्या कायद्यानंच चालणार.

साखरपेठकर
२०२२ चा दावा आहे. मूळ चुलत्याकडे आहे. वडील वारले तेव्हा कागदपत्रांची पेटी त्यांच्याच घरी होती. आता ते म्हणतात असा कागदच नाही.

काळाकोट
हे पहिल्या ओळीत यायला पाहिजे होतं!! मूळ विरुद्ध पक्षाकडे, म्हणजे जुन्या कायद्याचं कलम ६५ (अ) आणि त्याच्या जोडीला ६६ ची नोटीस. चुलत्याच्या वकिलाला लेखी नोटीस द्या की अमुक तारखेचं मूळ वाटणीपत्र कोर्टात हजर करा. नाही आणलं तर झेरॉक्स दुय्यम पुरावा म्हणून, म्हणजे मूळ कागदाऐवजी, देता येते. वरून कलम १६४ आहे, नोटीस देऊन जो कागद त्यांनी आणला नाही तो पुढं स्वतःच्या फायद्यासाठी त्यांना काढता येत नाही, तुमची संमती नाहीतर कोर्टाची परवानगी असल्याशिवाय. नोटीस दिलीये का?

साखरपेठकर
वकिलांना विचारतो. दिली नसणार, ते बघू बघू करतात.

अव्वल_कारकून_निवृत्त
एवढं कशाला करताय. तहसीलमधून फेरफाराची सही-शिक्क्याची नक्कल काढा. सरकारी कागद, मूळ लागतच नाही. माझी सगळी नोकरी रेकॉर्ड रूममध्ये गेलीये, तिथं नाही असा कागद नाही.

विडीघरकुल
काका, साखर पेठ गावठाणात येते, तिथं कुठला सातबारा? प्रॉपर्टी कार्ड असतंय, सिटी सर्व्हेच्या ऑफिसात जावं लागतंय.

अव्वल_कारकून_निवृत्त
तेच म्हणतोय. सिटी सर्व्हेला जा. वाटणीपत्राची प्रत तिथं जोडलेली असणार, त्याची प्रमाणित नक्कल घ्या.

काळाकोट
नोंदीची नक्कल चालेल, वाद नाही. पण खाजगी वाटणीपत्र सरकारी फाइलीत लावलं म्हणून ते सरकारी दस्तऐवज होत नाही. नोंदणी झालेला दस्त असता तर दुय्यम निबंधकाकडची नक्कल चालली असती, नोंदणी कायद्याचं कलम ५७(५), तीसुद्धा मजकुरापुरती, सही कुणाची ते वेगळं सिद्ध करावं लागतं. रजिस्टर आहे का ओ तुमचं?

साखरपेठकर
नाही. स्टॅम्प पेपरवर लिहिलंय, १९९१ चं आहे.

होटगीरोड_७
मग भांडण कशाचं? ३० वर्षं झाली की जुना दस्तऐवज आपोआप खरा धरतात. कलम ९०. माझ्या मामाच्या शेताच्या केसमध्ये हेच झालं, बार्शीला.

काळाकोट
मामाकडे मूळ असेल. ९० चा फायदा मूळ कागदाला. प्रतीला नाही. प्रिव्ही कौन्सिलनं १९३५ मध्येच सांगितलंय, पुढं सुप्रीम कोर्टानंही तेच धरलं.

होटगीरोड_७
मामाकडे पण झेरॉक्सच होती बहुतेक. विचारून सांगतो.

जुळेसोलापूर_अॅडव्होकेट
काळाकोट साहेबांशी सहमत, फक्त एक राहिलं. दुय्यम पुरावा द्यायची परवानगी मागणारा वेगळा अर्ज करा, त्याशिवाय कोर्ट हात लावत नाही.

काळाकोट
अर्ज लागतोच असं कायद्यात कुठंही नाही. धनपत विरुद्ध शिओ राम, सुप्रीम कोर्ट, २०२०. मूळ का आणता येत नाही याचा साक्षीत पाया घातला की पुरे.

जुळेसोलापूर_अॅडव्होकेट
निकाल मलाही माहीत आहे साहेब. पण उलटतपासात समोरचा उभा राहून ऑब्जेक्शन घेतो तेव्हा अर्ज आणि त्यावरचा आदेश असलेला बरा. पक्षकाराचं काय जातंय एक पान टाईप करायला?

काळाकोट
एक तारीख जाते. आणि तो अर्ज नामंजूर झाला की पुढं हायकोर्टात रिट करत बसा.

शेंगाचटणी
तुम्ही दोघं एकाच केसमध्ये समोरासमोर आहात काय बे? 😄

शेंगाचटणी
बाय द वे डिजिलॉकरमध्ये टाकून ठेवा, त्यातलं मूळ धरतात, सरकारनं नियमच काढलाय २०१७ ला.

विडीघरकुल
ते सरकारी खात्यानं स्वतः तिथं दिलेल्या कागदाला. आपण स्कॅन करून चढवलेला तो आपलाच फोटो. नाहीतर सगळ्या गावानं एकमेकांची घरं चढवली असती.

काळाकोट
साखरपेठकर, अजून दोन गोष्टी. ही झेरॉक्स मूळ कागदावरून काढली का झेरॉक्सवरून? कुणी काढली, तो माणूस साक्ष देईल का? नुसतं 'माझ्याकडे होती' म्हणून भागत नाही. आणि मजकूर काय आहे, 'आज वाटणी करत आहोत' असं लिहिलंय का 'पूर्वी तोंडी वाटणी झाली, आठवण म्हणून लिहून ठेवतो' असं? पहिलं असेल तर नोंदणीचा प्रश्न उभा राहतो, दुसरं असेल तर नोंदणी लागत नाही, सुप्रीम कोर्टाचा 'काळे' खटल्यातला निकाल, १९७६. स्टॅम्प किती रुपयांचा होता तेही बघा, तो कमी असेल तर वेगळंच लफडं, मूळ असो वा प्रत.

साखरपेठकर
झेरॉक्स आईनं काढली होती, मूळ दोन दिवसांसाठी घरी आणलं होतं तेव्हा, नवी पेठेत. आई आहे, साक्ष देईल. मजकुरात 'पूर्वी झालेल्या वाटणीप्रमाणे' असं आहे. साक्षीदार दोन होते, एक वारले, एक अक्कलकोटला असतात. स्टॅम्प बघून सांगतो. कैफियतीत (दाव्याला दिलेल्या लेखी उत्तरात) चुलत्यांनी लिहिलंय की 'सदर वाटणीपत्र कधीही अमलात आले नाही', त्याचा काही उपयोग आहे का?

काळाकोट
😶

जुळेसोलापूर_अॅडव्होकेट
😶 अहो!

काळाकोट
कैफियतीत 'सदर वाटणीपत्र' लिहिलंय?? आणि बाहेर म्हणतात कागदच नाही? तो पॅरा नीट वाचा. कागद होता हे लेखी कबूल केल्यासारखं आहे, कलम ६५ (ब). अख्खा पॅरा जसाच्या तसा टाका बघू, नावं गाळून. एका वाक्यावर विसंबू नका, खाली कुठंतरी 'नाकबूल' असणार.

साखरपेठकर
'वादी म्हणतात ते सदर वाटणीपत्र प्रतिवादीस मान्य नाही, सदर वाटणीपत्र कधीही अमलात आले नाही व त्यावर कोणीही कब्जा घेतला नाही.'

जुळेसोलापूर_अॅडव्होकेट
'मान्य नाही' हे पण आहे की. उलटसुलट अर्थ निघतो. फक्त त्यावर भार टाकू नका.

काळाकोट
मान्य. कबुली म्हणून अर्धवट, पण उलटतपासाला सोनं आहे, अमलात न आलेला कागद बघितला होता का, कुठं बघितला, आता कुठाय. तरी क्रम हाच, आधी ६६ ची नोटीस, मग आईची साक्ष, मग अक्कलकोटचे साक्षीदार. त्यांचं वय किती?

साखरपेठकर
ऐंशीच्या पुढं.

काळाकोट
मग त्यांनाच आधी. कोर्ट कमिशनर नेमून घरी साक्ष घेता येते, दिवाणी प्रक्रिया संहितेची ऑर्डर २६. उद्याच वकिलांना सांगा, बघू म्हणाले तर हे सगळं दाखवा.

गड्डा_यात्री
मला पण विचारायचं होतं, भाडेकरारची झेरॉक्स घरपट्टी नावावर करायला चालते का?

पार्कचौक
नोटरीकडून ट्रू कॉपी करून घ्या.