फासबिंडरच्या सिनेमातली ती म्हातारी होती कुठे इतकी वर्षं?

कोपऱ्यातली खुर्ची:
काल आईबरोबर जर्मन दिग्दर्शक फासबिंडरचा ‘आंग्स्ट एसेन झेले आउफ’ (१९७४) पाहिला. सबटायटल्स इंग्रजी, म्हणून मी मधेमधे मराठीत सांगत होतो. वीसेक मिनिटांनी आई म्हणाली, “तू गप्प बस, मला तिच्या तोंडावरून कळतंय.” ती म्हणजे एमी. म्युनिकमधली साफसफाईची कामं करणारी विधवा, पावसातून एका बारमध्ये शिरते, कोला मागवते आणि वयानं कितीतरी लहान मोरोक्कन कामगाराशी, अलीशी, लग्न करून बसते. नटीचं नाव ब्रिगिटे मीरा. आधीचं काही ऐकलेलं नाही. एवढी ताकदीची बाई तोवर करत काय होती?

खारीबिस्कीट:
मला तर वाटलेलं, खरीच सफाईवाली पकडून आणली असणार. त्या जिन्यावरच्या प्रसंगात भाकरी खाते ना, ते बघून.

शिळोप्याची ओसरी:
खारीबिस्कीट, बाईंनी ऐकलं असतं तर खूश झाल्या असत्या बहुतेक!

जन्म १९१०, हाम्बुर्ग. मूळच्या ऑपेरेटावाल्या, म्हणजे हलक्याफुलक्या संगीत नाटकांतल्या. गाणं, नाच, खट्याळ नायिकेची कामं. पुढे बर्लिनमध्ये कॅबरे आणि विनोदी भूमिका. म्हणजे प्रेक्षकांना हसवून घरी पाठवायचं, हाच अर्ध्या आयुष्याचा धंदा. एमी केली तेव्हा त्या ६३ वर्षांच्या आणि दिग्दर्शक २८ चा. चित्रीकरण जेमतेम दोन आठवड्यांत उरकलं. १९७४ चा जर्मन चित्रपट पुरस्कार त्यांना याच कामासाठी मिळाला.

मी नोकरीनिमित्त दोन वर्षं बर्लिनला होते. घरमालकीणबाई सत्तरीच्या. मी ऐटीत सांगितलं, मला ब्रिगिटे मीरा फार आवडते, फासबिंडरची. बाई म्हणाल्या, “फासबिंडरचं राहू दे गं, ती आमची ग्रिलवाली आजी!” तेव्हा कळलं की तिकडच्या घराघरांत मीरा पोचल्या त्या ‘द्राय दामेन फॉम ग्रिल’मुळे. १९७७ ते १९९१, १४० भाग, रात्रीच्या बातम्यांआधी लागणारी हलकीफुलकी मालिका. बर्लिनमध्ये सॉसेजची टपरी, ती चालवणाऱ्या आजी, आई आणि नात. आपल्याकडे वडापावच्या गाडीवर काढली असती तर अजून चालू असती.

खारीबिस्कीट:
पण नाझी काळात प्रचारपटांत होती असं कुठेतरी वाचलं. मग या सिनेमामुळे हिला परदेशी लोकांवरच्या अन्यायाचा चेहरा कसं म्हणायचं?

शिळोप्याची ओसरी:
होती, खरं आहे. ‘लीझे उंट मीझे’ नावाचे छोटे प्रचारपट होते. लीझे शहाणी नागरिक, आणि मीझे शत्रूचा रेडिओ ऐकणारी, साठेबाजी करणारी. मीरा झाल्या मीझे. गंमत अशी सांगतात की लोकांना ही वाईट बाईच जास्त आवडायला लागली आणि मालिका गुंडाळावी लागली. दुसरी बाजूही सांगते. वडील रशियातून आलेले ज्यू पियानोवादक. ते लपवूनच मीरा तो काळ काम करत राहिल्या. मला यात न्यायाधीश व्हायला जमत नाही.

आणि सिनेमातली एमीसुद्धा नुसती सोशिक नाही, हे विसरू नका. बागेतल्या त्या रिकाम्या पिवळ्या खुर्च्यांमध्ये दोघं बसतात, सगळे लांबून बघत उभे, एमीला रडू कोसळतं. तिथे आपण तिच्या बाजूचे होतो. मग ती सुट्टीवरून परत येते, शेजारणी गोड वागायला लागतात आणि हीच एमी मैत्रिणींना अलीचे दंड चाचपून बघायला सांगते. बैलबाजारात सांगावं तसं. त्याला त्याच्याकडचं कुसकुस (रव्यासारखा पदार्थ) करून घालत नाही, जर्मन जेवायला शीक म्हणते. चेहरा तोच, प्रेमळ आजीचा. लोकांना खूश ठेवायची चाळीसेक वर्षांची सवय अंगात मुरलेली असल्याशिवाय हे असं येत नाही, असं माझं मत.

शीर्षकातही मजा आहे. अलीची जर्मन मोडकी, त्यामुळे क्रियापद चुकीचं. मराठीत ‘भीती खाणे आत्मा’ म्हणावं तसं काहीतरी.

फासबिंडरनं त्यांना पुन्हा पुन्हा घेतलं. ‘मुटर क्युस्टर्स’ (१९७५) मध्ये मुख्य भूमिका, कारखान्यात खून करून स्वतःला संपवणाऱ्या कामगाराची बायको, जिचं दुःख पत्रकारांपासून पुढाऱ्यांपर्यंत जो तो वापरून घेतो. ‘बर्लिन आलेक्झांडरप्लाट्झ’ (१९८०) मध्ये घरमालकीण. मार्च २००५ मध्ये बर्लिनला वारल्या, पंचाण्णवाव्या वाढदिवसाला दीड महिना राहिला होता.

कोपऱ्यातली खुर्ची:
आईला सगळं वाचून दाखवलं. दंड चाचपायचा प्रसंग तिला आठवत होता, म्हणाली, “तिथे मला तिचा रागच आला होता, पण तू बडबडत होतास.” आता टपरीवाली मालिका लाव म्हणते. सबटायटल्स सापडत नाहीयेत. कुणाकडे दुवा असेल तर टाका, नाहीतर ती तशीच बघेल.