भरतीच्या वादात अख्ख्या निवड यादीवर स्थगिती मागणं योग्य आहे का?

कलम_१९
समांतर आरक्षणातल्या (प्रत्येक प्रवर्गाच्या आत महिला, खेळाडू वगैरेंसाठी राखीव) एकाच जागेचा वाद असला, तरी मॅटमधल्या (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे राज्य सरकारी नोकऱ्यांचे वाद ऐकणारं न्यायाधिकरण) मूळ अर्जात 'संपूर्ण निवड प्रक्रियेला स्थगिती द्यावी' अशी मागणी असते. माझा याला ठाम विरोध आहे. आपल्या प्रवर्गातली एक जागा रिकामी ठेवावी आणि बाकीच्यांच्या नेमणूकपत्रात 'अर्जाच्या अंतिम निर्णयाच्या अधीन राहून' असं लिहावं, एवढा आदेश मिळाला तरी अर्जदाराचं हित जपलं जातं. २०१९ च्या राज्यसेवेतून निवडलेले ४१३ जण आठवा. निवड होऊनही वर्षाहून जास्त काळ नेमणुकीविना राहिले.

मावळवाट
ते उदाहरण इथे लागू होत नाही. ९ सप्टेंबर २०२० च्या अंतरिम आदेशात सर्वोच्च न्यायालयाने 'एसईबीसी (मराठा समाजाचं) आरक्षण न लावता नेमणुका करा' असं सांगितलं होतं. सरसकट सगळ्यांना थांबवलं ते सरकारने. त्याचं खापर कोर्टात जाणाऱ्यांवर नको.

आणि एक जागा राखून भागत नाही. सौरव यादव निकालानंतर (डिसेंबर २०२०) खुल्या महिलांच्या जागेवर मागास प्रवर्गातली महिलाही गुणांवर येते. समजा, ओबीसी महिला जागेवर घेतलेल्या एकीला खुल्या महिलांच्या शेवटच्या उमेदवारापेक्षा जास्त गुण आहेत. ती तिकडे सरकली की ओबीसीची जागा मोकळी होते, खालची ओबीसी उमेदवार आत येते आणि खुल्या महिलांतली शेवटची बाहेर जाते. ही शेवटची एव्हाना रुजू होऊन प्रशिक्षणाला गेली असेल, तर दोन वर्षांनी तिला कोण काढणार? मग अर्जदाराला फार तर अधिसंख्य (मंजूर जागांपेक्षा जादा निर्माण केलेलं) पद मिळतं आणि ज्येष्ठतेचं भांडण नव्याने सुरू होतं.

कलम_१९
साखळी मान्य, पण तिच्यावरचा उपाय स्थगिती नाही. त्या शेवटच्या उमेदवाराला प्रतिवादी करा. प्रबोध वर्मा निकाल (१९८४) हेच सांगतो: ज्यांच्या नोकरीवर गदा येणार, त्यांच्यापैकी निदान काही जण प्रातिनिधिक म्हणून तरी समोर हवेत. फक्त शासन आणि लोकसेवा आयोग यांनाच प्रतिवादी केल्यामुळे चांगले अर्ज पडतात. शिवाय प्रशासकीय न्यायाधिकरण कायद्याचं कलम २४ वाचा. समोरच्याला प्रत आणि म्हणणं मांडायची संधी न देता मिळवलेला अंतरिम आदेश, मुदत वाढली नाही तर, १४ दिवसांत संपतो.

टिपणवही
दोघांकडूनही वेळेचा मुद्दा सुटतोय. जाहिरातीतली अट खटकत असेल तर परीक्षेआधीच आव्हान द्या. परीक्षा देऊन, नापास होऊन मग अटीवर बोट ठेवलं तर मदनलाल निकाल (१९९५) आडवा येतो. मॅटची मुदत अंतिम आदेशापासून १ वर्ष. निवेदन देऊन उत्तर आलं नाही तर ६ महिने थांबायचं आणि तिथून पुढे १ वर्ष. पण भरतीत ते ६ महिने थांबलात तर यादी रुजू झालेली असते; निवेदन देऊन तातडीचं कारण दाखवत लगेच अर्ज करावा. जिल्हा परिषद किंवा महापालिकेची भरती असेल तर मॅट नाही, थेट उच्च न्यायालय.

उत्तरतालिकेचं प्रकरण त्याहून अवघड. रणविजय सिंह निकालानुसार (डिसेंबर २०१७) चूक उघड दिसायला हवी. तर्क लढवून सिद्ध करावी लागली तर ती चूक धरत नाहीत आणि शंकेचा फायदा परीक्षा घेणाऱ्याला जातो. दोन प्रमाण पुस्तकांत दोन उत्तरं असतील तर तो प्रश्न याचिकेत घालूच नका.

मावळवाट
उत्तरतालिकेत तर जागा राखण्याला अर्थच उरत नाही. एक उत्तर बदललं की सगळ्यांचे गुण हलतात, कटऑफ हलतो. तिथे मुख्य परीक्षेआधीची स्थगितीच कामाची. दुसरं म्हणजे पुरावा. पश्चिम बंगालच्या शाळा भरतीत मूळ ओएमआर (उमेदवारांनी गोल रंगवून भरलेल्या उत्तरपत्रिका) नष्ट झाल्या होत्या. पात्र-अपात्र निवडता येईना आणि एप्रिल २०२५ मध्ये २५,७५३ नेमणुका एकदम गेल्या.

कलम_१९
म्हणूनच अर्जातली पहिली मागणी ओएमआर आणि त्यांच्या स्कॅन प्रती जपून ठेवण्याची असावी, हे मी मानतो. पण पूर्वपरीक्षेच्या वादात अर्जदारांना मुख्य परीक्षेला तात्पुरतं बसू द्यावं, निकाल सीलबंद ठेवावा. बाकीच्यांचं वेळापत्रक मोडत नाही.

मावळवाट
ती सवलत फक्त अर्ज केलेल्यांना मिळते. त्याच चुकीच्या प्रश्नामुळे अर्ध्या गुणाने राहिलेली, पण वकिलाची फी न परवडणारी मुलगी मुख्य परीक्षेला बसणार कशी? तुमच्या उपायात तिची जागा कुठे आहे ते सांगा.