आसिफ कपाडियांचा 'एमी': जवळून पाहणं की दारातून डोकावणं?

रातराणी:
काल 'एमी' (२०१५) हा माहितीपट दुसऱ्यांदा पाहिला. गायिका एमी वाईनहाऊस जुलै २०११ मध्ये अतिमद्यपानाने गेली, वय अवघं २७. दिग्दर्शक कपाडिया मुलाखतीला कॅमेरा लावत नाहीत, फक्त माईक. पडद्यावर जुन्या चित्रफिती आणि त्यावर जवळच्यांचे आवाज. ही रीत मला फार आवडते. पण उत्तरार्धात तिच्या घराच्या दारात फ्लॅशचा नुसता कडकडाट, ती तोंड लपवतेय, आणि ते चित्रण तिला छळणाऱ्या छायाचित्रकारांनीच केलेलं! ज्यांनी तिला सुखाने जगू दिलं नाही, त्यांचाच माल वापरून तिची कहाणी सांगायची? मला नाही पटत.

कोपऱ्यातली खुर्ची:
रातराणी, तुम्हाला त्रास झाला ना? तो व्हायलाच हवा. ते फ्लॅश गाळले असते तर "बिचारी, व्यसनाने गेली" म्हणून आपण मोकळे झालो असतो. ते फोटो तेव्हा चवीने बघणारे आपणच होतो.
आणि आधीची एमी विसरू नका. मैत्रिणीच्या वाढदिवसाचं गाणं म्हणणारी शाळकरी पोर, पहिल्या मॅनेजरने घेतलेल्या फितींमधली तिची थट्टामस्करी. तिची माणसं दुखावलेली होती. कॅमेरा नसल्यामुळेच तर मोकळेपणी बोलली.

साधामाणूस:
कॅमेरा नाही हीच तर अडचण आहे. चेहरा दिसत नसला की कात्री कुठे लागली ते कळतच नाही. घरच्यांनी आधी सहकार्य केलं, मग अंग काढून घेतलं. वडिलांचं, मिच वाईनहाऊस यांचं म्हणणं असं की "त्या वेळी तिला व्यसनमुक्ती केंद्राची गरज नव्हती" या त्यांच्या वाक्यातलं "त्या वेळी" उडवलं. खरं असेल तर दोन शब्दांसाठी बाप जगभर खलनायक ठरला. पुढे ऑस्कर मिळालं, पण म्हणून हा प्रश्न मिटत नाही.

कोपऱ्यातली खुर्ची:
त्या वाक्यापुरतं मान्य. पण सेंट लुशिया या कॅरिबियन बेटावर मुलगी सावरायला गेली असताना वडील टीव्हीवाल्यांना घेऊन पोचले, ती वैतागली. ते तर कात्रीने घडवलेलं नाही!

रातराणी:
नाही, ते खरंच. तरी माझा मुद्दा तिच्या परवानगीचाच आहे. मार्च २०११ चं ॲबी रोड स्टुडिओतलं दृश्य आठवा. ८४ वर्षांचे गायक टोनी बेनेट शेजारी उभे. ती गाताना अडखळते, स्वतःवर चिडते, तुमचा वेळ वाया घालवायचा नाही म्हणते, आणि ते शांतपणे धीर देत राहतात. पुढच्या वेळी तिचा आवाज असा काही लागतो की माझ्या डोळ्यांत पाणी आलं. तिथेही ती घाबरलेलीच आहे. पण तो कॅमेरा तिला ठाऊक होता, आणि ती गायलाच आली होती.